मिरचीच्या आधीचं ताट

पहाटे साडेचार. पातेल्यातला मक्याचा एक दाणा चिमटीत धरला आणि अंगठ्याच्या नखानं खरवडला. साल सुटून बोटाला चिकटलं. जमलं. रात्री दीड किलो मका चुन्याच्या पाण्यात उकळून तसाच झाकून ठेवला होता. चुना टपरीवरचाच, खायचा. किलोला दोन चमचे. पाणी गडद पिवळं झालेलं आणि घरभर ओल्या भिंतीसारखा वास. आई उठून आली, वाकून बघितलं आणि म्हणाली, "कोंबड्यांचं खाद्य माणसाला घालायला पैसे घेतोस?"

घेतो. माणशी नऊशे. गाडी, जेवण, सरबत आणि तेरचं संग्रहालय धरून.

माझा मुख्य धंदा झेरॉक्सच्या दुकानाचा. त्याला जोड सहलींची. माजलगावात सहल म्हणजे दर तीन वर्षांनी येणारा धोंड्याचा महिना. तेव्हा गोदाकाठच्या पुरुषोत्तमपुरीला पाय ठेवायला जागा नसते आणि मीही गाड्या भरून भाविक नेतो. देवळाशेजारी उभा राहून सांगतो, की इथला ताम्रपट शके १२३२ चा, म्हणजे इ.स. १३१० चा, रामचंद्रदेव यादवाच्या काळातला. लोक "हो का" म्हणतात आणि धोंड्यांच्या पानाकडे वळतात. त्यांचं चुकत नाही. माणूस आधी पानाकडेच बघतो. ते ध्यानात आल्यापासून मी इतिहास पानातूनच सांगायला लागलो.

आजच्या सहलीचं मूळ मात्र ह्यूस्टनचं. आमच्या गल्लीतले एक भाऊ तिकडे नोकरीला आहेत. मागच्या दिवाळीला आले तेव्हा मेक्सिको सिटीतल्या एका सहलीचं वर्णन करत बसले होते. सकाळी मानववंशशास्त्राचं मोठं संग्रहालय, दुपारी गाइडबरोबर फिरत टाको, संध्याकाळी मेस्काल या दारूचा घोट. "आपल्याकडं असं काही आहे का रे?" त्यांनी सहज विचारलं. मी म्हणालो, मेस्काल सोडून सगळं आहे.

पाच वाजता मका चार पाण्यांनी धुतला. गिरणीवाला ओलं दळण घेत नाही, दगड बसतो म्हणतो आणि ते खरंच आहे. म्हणून बसस्टँडजवळच्या इडलीवाल्याकडे गेलो. त्याचं पीठ रात्रीच वाटून होतं, पहाटे ग्राइंडर मोकळा असतो. त्यानं अर्ध्या तासात मका वाटून दिला आणि वर स्वतःचं झाकणाचं स्टीलचं भांडंही दिलं. "संध्याकाळी परत पाहिजे बरं का, रातच्याला उडीद भिजवायचाय."

चुन्याची करामत त्या गोळ्यात दिसते. नुसत्या मक्याचं पीठ कितीही मळा, भाकरी कडेला फाटते. चुन्यातून काढलेलं पीठ लोण्यासारखं आवळून येतं. मेक्सिकोतले लोक हजारो वर्षं मका असाच करत आले. युरोपनं त्यांचा मका नेला, चुना तिथंच ठेवला. मग इटलीत मक्यावरच जगणाऱ्या गरिबांना पेलाग्रा झाला, कातडी सोलवटली. चुन्यानं मक्यातलं नायसिन मोकळं होतं, ते त्यांना ठाऊक नव्हतं. आपण हसायचं कारण नाही. नुसत्या ज्वारीवर दिवस काढणाऱ्या दख्खनच्या मजुरांतही हा रोग होता, आणि हैदराबादच्या डॉ. गोपालन यांनी त्यावर १९६० च्या सुमारास मोठं काम केलं.

सात वाजता सगळी मंडळी भाजी मंडईच्या तोंडाशी जमली. ह्यूस्टनचे भाऊ, वहिनी, त्यांची बारा वर्षांची मुलगी. परळीचे निवृत्त गुरुजी, जे माझ्या प्रत्येक सहलीला येतात आणि प्रत्येक वाक्याला हरकत घेतात. पुण्याहून सासुरवाडीला आलेले एक जावई आणि त्यांची बायको. भाकरी करणाऱ्या काकू. आणि क्रुझरचे ड्रायव्हर मामा, ज्यांना या सगळ्यात काडीचा रस नाही.

मी प्रत्येकाच्या हातात कापडी पिशवी दिली. "अमेरिका खंडातून जे आलं तेवढंच पिशवीत घ्यायचं. मेक्सिकोचं असलं तर जास्त मार्क."

जावयांनी कांदा उचलला. चूक. वहिनींनी भेंडी घेतली. भेंडी आफ्रिकेची म्हणतात. गुरुजींनी काहीच घेतलं नाही, "सगळं आपलंच आहे," म्हणाले. मुलीनं टोमॅटो, हिरव्या मिरच्या, ढोबळी मिरची, लाल भोपळ्याची फोड, श्रावण घेवडा, मक्याची कणसं आणि पेरू अशी पिशवी भरली. टेक्सासमधल्या घराजवळच्या मेक्सिकन दुकानात हेच असतं, म्हणून. मी तिच्या पिशवीत रताळी, पपई आणि बटाटे टाकले. बटाटा आणि शेंगदाणा आणखी खालचे, दक्षिण अमेरिकेचे. पण जहाज तेच. टोमॅटो, चिली, चॉकलेट, अवोकॅडो हे शब्दही मेक्सिकोतल्या नाहुआत्ल भाषेतले. आपला चिकूही तिकडूनच आला, नावासकट.

मंडईत मग उरलं काय? वांगी, कारली, दोडकी, मेथी, शेपू, कांदे, लसूण. भाजीवाल्या मावशी म्हणाल्या, "माझं अर्धं दुकान परदेशी केलंस की रं."

पण खरा घाव पुढे, किराणा दुकानात. गुरुजींचा एकादशीचा उपवास कडक असतो, म्हणून मी त्यांनाच विचारलं, "उपवासाला काय काय चालतं?" त्यांनी बोटांवर मोजलं: साबुदाणा, शेंगदाणे, बटाटा, रताळं, राजगिरा, हिरवी मिरची, भगर.

मी एकेक बोट दुमडत गेलो. साबुदाणा आपल्याकडे होतो तो कसाव्याच्या कंदापासून. कंद दक्षिण अमेरिकेचा. शेंगदाणे, बटाटे तिकडचेच. रताळं अमेरिकेचं. मिरची मेक्सिकोची. राजगिरासुद्धा मेक्सिकोचा, तिकडे त्याच्या मधातल्या वड्या विकतात, नाव 'आलेग्रिया', म्हणजे आनंद, आणि चव हुबेहूब आपल्या चिक्कीची. शेवटी भगरीचं एकच बोट उभं राहिलं.

गुरुजी त्या बोटाकडे बघत राहिले. मग म्हणाले, "चल, उशीर होतोय." पण गाडीत बसल्यावर वीसेक मिनिटं गप्प होते, आणि गुरुजी वीस मिनिटं गप्प हे मी पहिल्यांदाच पाहिलं.

झेंडूची दोन किलो फुलं घेतली आणि साडेसातला निघालो. दिवाळी संपून दोनच दिवस झालेले, दारादारावर वाळलेली तोरणं. झेंडू मेक्सिकोचा, आणि नेमका याच दिवसांत, १ आणि २ नोव्हेंबरला, तिकडे तो गेलेल्या माणसांच्या वाटेवर पसरतात, वासानं त्यांना घर सापडावं म्हणून. वहिनींनी ते ह्यूस्टनमध्ये पाहिलंय. "पहिल्या वर्षी मला वाटलं, कुणाकडं दसरा आहे," त्या म्हणाल्या.

तेलगावच्या पुढे उसाच्या ट्रॅक्टरांची रांग. तोडीच्या टोळ्या निघालेल्या. ट्रॉलीत चूल, गोधड्या, कोंबडी, लेकरं. त्यांच्या संसारात बसून जाणारी मिरचीची पूड आणि बटाटे मला दिसत होते, पण सगळीकडे गाइडपणा करू नये. गप्प बसलो.

धारूरच्या घाटात गाडी थांबवली. आदिलशाही सरदार किश्वरखानानं सोळाव्या शतकात बांधलेला किल्ला वर आहे, पण आज किल्ला नाही, टेकडीवरची सीताफळं. बालाघाटाच्या या खडकाळ उतारावर ती न लावता येतात. बीडच्या सीताफळाला २०१६ साली भौगोलिक मानांकनही मिळालं. घाटात टोपली घेऊन बसलेल्या आजीकडून दोन डझन घेतली. डोळे उघडलेली, खोबणी पांढरट झालेली; बोटानं दाबलं की आत जाणारी.

"हे तर सीतेचं फळ," गुरुजी पुन्हा भरात आले. "वनवासात..."

"गुरुजी, तुमच्या बाजूनं पुरातत्त्वज्ञ कनिंगहॅमसुद्धा होता. भरहुतच्या दोन हजार वर्षांपूर्वीच्या शिल्पात सीताफळ दिसतं असं त्यानं लिहिलंय. बाकीच्यांना ते पटलं नाही. झाड अमेरिकेचंच मानतात."

"बाकीचे कोण?" गुरुजींनी विचारलं. या प्रश्नाला माझ्याकडे घाटात पुरेल एवढं उत्तर नव्हतं.

त्याच वळणावर बांधाला केकताड होतं. काहीजण घायपात म्हणतात. करवती कडांची जाड पानं, टोकाला सुईसारखा काटा. पानं पाण्यात कुजवून, बडवून वाख काढायचा; मातंग समाजातले कारागीर त्याची दावी आणि चऱ्हाटं वळायचे. नायलॉन आलं आणि ते काम बहुतेक गेलं. हे झुडूपही मेक्सिकोचं. त्याच्याच भाऊबंदांचा गड्डा तिकडे खड्ड्यात भाजतात, ठेचतात, आंबवतात आणि मेस्काल गाळतात. भाऊ खाली उतरून त्या पानाजवळ बराच वेळ उभे राहिले.

"म्हणजे एवढी वर्षं आपण याचं दावं करत बसलो?"

"तिकडं दारू, इकडं दावं," मामा पहिल्यांदाच बोलले. "दोन्हीनं माणूस बांधूनच राहतो." आणि गाडी चालू केली.

इथंच माझी चूक झाली. चिंचेच्या सरबताच्या कॅनचं झाकण नीट लावलं नव्हतं. दोन वळणांत अर्धं सरबत पुण्याच्या पाहुण्यांच्या बॅगेवर. माफी मागितली, बॅग पुसून दिली, शंभर रुपये कमी करतो म्हणालो. ते नको म्हणाले, पण चेहरा कळंबपर्यंत तसाच होता.

केज सोडलं की रस्ता सरळ होतो. इथं मी पांडुरंग खानखोजे सांगतो. वर्ध्याचा माणूस, गदर चळवळीतला क्रांतिकारक. इंग्रजांनी मायदेशाची दारं बंद केलेली, तो १९२४ साली मेक्सिकोत पोचला आणि चापिंगोच्या राष्ट्रीय कृषी शाळेत प्राध्यापक झाला. बंदूक सोडून मक्याच्या मागे लागला. नव्या जाती काढल्या, शेतकऱ्यांसाठी मोफत शेतीशाळा चालवल्या. दिएगो रिव्हेरा हा त्या काळचा मेक्सिकोचा सगळ्यांत मोठा चित्रकार; त्यानं शिक्षण मंत्रालयाच्या भिंतीवर एका टेबलाभोवती बसलेली माणसं रंगवली आणि मधोमध भाकरी मोडून वाटणारा माणूस रंगवला तो म्हणजे खानखोजे. आता त्या इमारतीत भित्तिचित्रांचंच संग्रहालय आहे. स्वातंत्र्यानंतर खानखोजे परतले, नागपुरात राहिले, १९६७ मध्ये गेले. २०२२ साली चापिंगोत त्यांचा पुतळा बसला.

"मग तू हे टॅको टूरमध्ये पाहिलंस का, बाबा?" मुलीनं विचारलं.

बाबांनी पाहिलं नव्हतं. त्यांच्या गाइडला वर्धा माहीत असायचं काही कारण नाही. त्यांनी पाहिला होता त्लालोक, पावसाचा देव. १६८ टनांचा दगड, १९६४ च्या एप्रिलमध्ये खेड्यातून संग्रहालयाच्या दारात आणला. गावकऱ्यांचा विरोध होता: देव नेला तर पाऊस जाईल. आणि देव शहरात शिरला त्या रात्री, ऐन कोरड्या दिवसांत, मेक्सिको सिटीत धो धो पाऊस. मागच्या दिवाळीला हे ऐकताना गल्लीतले सगळे गप्प झाले होते. बीड जिल्ह्यात पावसाच्या देवाची गोष्ट कुणी मध्येच तोडत नाही.

पावणेअकराला तेर. सरकारी संग्रहालयं सोमवारी बंद, म्हणून मी सहल मंगळवारी किंवा पुढे ठेवतो.

गाव तेरणेच्या काठी. इसवी सनाच्या पहिल्या शतकात एका ग्रीक व्यापाऱ्यानं लिहिलेल्या 'पेरिप्लस'मध्ये याचं नाव तगर. पैठणहून पूर्वेला दहा दिवसांच्या वाटेवर, इथलं कापड गाड्यांतून भडोचच्या बंदराला जायचं. आम्ही माजलगावहून सव्वातीन तासांत आलो, वाटेत सीताफळं खाऊन.

या संग्रहालयाला रामलिंगप्पा लामतुरे यांचं नाव आहे, आणि ते योग्यच आहे. गावच्या पांढरीत पावसानंतर मणी, नाणी, मातीची डोकी वर यायची. या माणसानं ती आयुष्यभर वेचली, जपली आणि सरकारला दिली. मी आत फार बोलत नाही. मंडळींना मोकळं सोडतो आणि एकच काम देतो: इथल्या माणसांच्या जेवणाचा माग काढा.

केओलिनच्या पांढऱ्या मातीच्या, साच्यातून काढलेल्या बायका. एकेकीची केशरचना बघत वहिनी तिथंच अडकल्या. रोमन धर्तीचे दिवे. शंखाच्या बांगड्या. तेरला सापडलेली हस्तिदंती स्त्री, जिची बहीण शोभावी अशी मूर्ती १९३८ मध्ये पॉम्पेईत सापडली, पॉम्पेई इ.स. ७९ मध्ये राखेखाली गेलं, म्हणजे ती त्याआधीच तिकडे पोचलेली. जावई त्या गोष्टीनं एकदम खुलले, सरबत विसरले.

मुलगी खापरांपाशी होती. "काका, यात काय शिजवायचे?"

तिला जे उत्तर दिलं ते असं. आज सकाळी तू पिशवीत भरलेलं एकही नाही. ना मिरची, ना टोमॅटो, ना बटाटा. तिखट हवं तर मिरी किंवा आलं. आणि ती मिरी रोमला एवढी हवी असायची, की तिच्यासाठी जहाजं भरून सोनं-चांदी इकडे यायची. चौदाशे वर्षांनी पोर्तुगीज आले तेही मिरीच शोधत, आणि जाताना आपल्याला मिरची देऊन गेले. आपण नवं नाव शोधायचे कष्टसुद्धा घेतले नाहीत, मिरीवरूनच मिरची.

आणखी एक गोष्ट मी दरवेळी सांगतो. सातवाहनकाळातल्या आपल्या गावठाणांत पाय असलेले दगडी पाटे सापडतात, काळ्या बसाल्टचे. मेक्सिकोतली बाई आजही मका वाटते तो 'मेताते' ज्वालामुखीच्या दगडाचाच, तीन पायांचा. दोघींची कधी गाठ नव्हती. गुडघे टेकून वाटणाऱ्या बाईला काय सोयीचं, ते दोन्हीकडच्या पाथरवटांना कळलं, एवढंच.

एक वाजता गोरोबाकाकांच्या देवळापलीकडे, झाडाखाली चूल. काकूंनी लोखंडी तवा ठेवला. त्यांचा हात ज्वारीचा: परातीत पिठावर गोळा थापायचा, फिरवायचा, दोन्ही तळव्यांवर झेलत तव्यावर. हे ओलं पीठ त्या पद्धतीला दाद देईना, हाताला धरून राहिलं. पहिल्या तीन भाकरींचे तुकडे झाले. मग त्यांनी पिशवीतून दुधाची धुतलेली पिशवी काढली, दोन बाजूंनी फाडून त्यात लिंबाएवढा गोळा ठेवला आणि तळव्यानं गोल गोल दाबला. प्लास्टिक अलगद सोलून भाकरी तव्यावर. कडा सुटल्या की उलथायची, पुन्हा उलथायची. तिसऱ्यांदा बोटानं दाबली की फुगते. फुगली तेव्हा मुलगी ओरडली, "टॉर्टिया!" काकू म्हणाल्या, "भाकरीच आहे बाई, लहानपणीची."

टोमॅटो, मिरच्या, लसूण तव्यावर काळे होईस्तोवर भाजले आणि खलबत्त्यात ठेचले. घेवड्याची घट्ट उसळ. भोपळ्याच्या भाजलेल्या बिया. वर कांदा, कोथिंबीर, लिंबू. गंमत अशी, की ह्या शेवटच्या तिघांशिवाय आज मेक्सिकोत टाको होत नाही आणि तिन्ही तिकडे जुन्या जगातून गेले. चिंचही तशीच, दूरवरून समुद्र ओलांडून गेली. मेक्सिकोत चिंचेचं सरबत हातगाडीवर मिळतं. आमचं उरलं होतं अर्धा कॅन, माणशी अर्धा पेला आला. अवोकॅडोचं नाव मी काढत नाही. माजलगावच्या मंडईत जे नाही ते सहलीत नाही.

गुरुजींनी चार खाल्ल्या. पाचवी घेताना देवळाकडे बघून म्हणाले, "गोरोबाकाका एकादशीला काय खात असतील रे?"

तेराव्या शतकातला कुंभार. त्याच्या घरी मडकी होती, पण साबुदाणा नव्हता, बटाटा नव्हता, मिरची नव्हती. "भगर," जावई म्हणाले. "दूध, फळं." "केळं असेल." "काहीच नाही, निर्जळी," वहिनी. अर्धा तास हेच चाललं. मला एक शब्द बोलावा लागला नाही, आणि नऊशे रुपयांचं काम मी त्या अर्ध्या तासाला समजतो.

तीन वाजता त्रिविक्रमाचं देऊळ. विटांचं, मागून गजपृष्ठ. मूळचा बौद्ध चैत्य मानतात. पोट भरल्यावर देऊळ बघायला नेऊ नये हे मी दरवेळी ठरवतो. दोघं ओट्यावरच झोपले.

परतीला सगळे पेंगलेले. सहा वाजता घाट उतरलो. साडेसहाच्या पुढे माजलगावच्या धरणाच्या कडेला मामांनी चहाला थांबवलं. सिंदफणेवरचं पाणी, यंदा भरलेलं. पैठणच्या उजव्या कालव्याचंही पाणी यातच येतं. भाऊ कठड्याला टेकून म्हणाले, "पुढच्या वेळी मेक्सिकोला गेलो की ते भिंतीवरचं चित्र बघतो." मुलगी झेंडूची पिशवी उघडून एकेक फूल पाण्यात सोडत होती. तिच्या आजी याच वर्षी गेल्या, हे मला तेव्हा आठवलं. कुणी तिला थांबवलं नाही.

आठ वाजता घरी. हिशेब: डिझेल, काकू, मामा, मंडई, किराणा, सीताफळं वजा जाता हाती अकराशे. सरबताच्या बॅगेचे शंभर जावयांनी शेवटपर्यंत घेतले नाहीत.

दोन ओंजळी पीठ उरलं होतं. काकूंनी ते जाताना मागून घेतलं. रात्री त्यांचा फोन आला: त्यात ज्वारीचं पीठ, कांदा, तीळ, हिरवी मिरची घालून थालीपीठ लावलं, नवऱ्याला आवडलं, "पण चुना पुढच्या बारीला जरा कमी टाका, जिभेला लागतो." तेवढ्यात आठवलं, आणि मी साडेनऊला गाडीला किक मारून बसस्टँडकडे निघालो. इडलीवाल्याचं भांडं अजून माझ्याकडेच होतं.